मस्कतच्या मामाची सही: एनआरआय कोट्याचं एक इंदुरी प्रकरण

ऑगस्ट २०२५. इंदूरच्या लोकमान्यनगरात राहणारे, सहकारी बँकेत नोकरी करणारे एक गृहस्थ संध्याकाळी माझ्या ऑफिसात आले. आमची ओळख गणेशोत्सवाच्या वर्गणीपुरती. हातात प्लास्टिकची फाइल, मागे बारावी झालेली मुलगी. खुर्चीत टेकायच्या आतच म्हणाले, "वकीलसाहेब, तीन लाख अडकलेत. आपण काढून द्या."

मी पैशांची हकीकत पाच मिनिटं ऐकली आणि मुलीला विचारलं, "तुझ्या काउन्सेलिंगचा पासवर्ड कुणाकडे आहे?"

"सरांकडे."

"आणि दहावी-बारावीच्या ओरिजिनल मार्कशीट?"

"त्याही सरांकडेच."

काउन्सेलिंग म्हणजे गुणांच्या क्रमाने जागा वाटण्याची शासनाची ऑनलाइन प्रक्रिया. आणि सर म्हणजे भंवरकुआं भागात कोचिंग क्लासेसच्या गर्दीत थाटलेल्या एका कन्सल्टन्सीचा चालक. त्याचं किंवा त्याने ज्या कॉलेजच्या नावावर पैसे घेतले त्या कॉलेजचं नाव इथे लिहीत नाही. कुटुंबाची ओळख पटेल असे तपशील त्यांच्याशी बोलूनच बदलले आहेत. कायद्याच्या बाजूला मात्र काही बदललेलं नाही.

मुलीने ४ मे २०२५ ला मेडिकल प्रवेशाची 'नीट' परीक्षा दिली. १४ जूनला निकाल लागला, ३९१ गुण. खुल्या प्रवर्गासाठी त्या वर्षी पात्रतेची रेषा १४४ वर होती, म्हणजे मुलगी 'क्वालिफाय'. हा शब्द फार फसवा आहे. क्वालिफाय म्हणजे फक्त रांगेत उभं राहायची परवानगी. रांगेत आपण कितवे आणि पुढे जागा किती, हा वेगळाच हिशेब. एजंट लोकांचा सगळा धंदा या दोन गोष्टींमधल्या फटीत चालतो. "बच्ची तो क्वालिफाइड है, अब बस सीट का मामला है," हे वाक्य वडिलांनी मला तीनदा ऐकवलं, आणि तिन्ही वेळा त्यांच्या आवाजात थोडा अभिमान होता.

निकालाच्या आठवड्यात पुण्याहून मुलीच्या आत्याचा फोन आला. तिच्या मुलाला तिकडे इंजिनिअरिंगला कॉलेजच्या पातळीवरच्या जागेवर प्रवेश मिळाला होता. ती म्हणाली, "दादा, मॅनेजमेंट कोटा असतोच सगळीकडे. जरा चौकशी कर." दादांनी केली. कन्सल्टन्सीतून उत्तर आलं की इंदूरजवळच्या एका खाजगी मेडिकल कॉलेजात मॅनेजमेंट नाही, पण एनआरआयची, म्हणजे अनिवासी भारतीयांसाठी राखलेली, सीट 'करून देता' येईल. परदेशात कुणी आहे का? आहे, मुलीचा सख्खा मामा मस्कतला. बस, झालं काम. टोकन तीन लाख: १ लाख ९० हजार रोख, १ लाख १० हजार बँकेतून. पुढचं सगळं 'पॅकेज'. पाच वर्षांचा एकच आकडा, एका चिठ्ठीवर पेनाने लिहिलेला.

बदल्यात त्यांना काय मिळालं? एक रंगीत प्रिंट. वर कॉलेजच्या नावाचं लेटरहेड, खाली 'प्रोव्हिजनल सीट कन्फर्मेशन', गोल शिक्का, आणि सहीच्या जागी कुणाचंही नाव नसलेली एक वेलांटी. मी तो कागद उजेडात धरून पाहिला. नंबर होता, तारीख होती. ज्याने जागा द्यायची असते, त्याचं मात्र नाव कुठेच नव्हतं.

आधी पासवर्ड

वडिलांना वाटत होतं की मी लगेच नोटीस काढावी. मी म्हटलं, पैसे डिसेंबरातही मागता येतील, राउंड निघून गेला की तो पुढच्या वर्षीच. पहिल्या राउंडचं अलॉटमेंट, म्हणजे जागावाटप, लागून गेलं होतं आणि मुलीचं नाव कुठेच नव्हतं. कारण लॉगिन उघडल्यावर कळलं. चॉइस फिलिंग, म्हणजे हव्या त्या कॉलेजांची यादी भरणं, सरांनी केलं होतं: फक्त तीन नावं, तिन्ही एमबीबीएसची, आणि यादी लॉक. मध्य प्रदेशात एमबीबीएस आणि बीडीएसचं (दातांच्या डॉक्टरकीचं) काउन्सेलिंग एकत्र चालतं. बीडीएसचं एकही कॉलेज यादीत नव्हतं, म्हणून तिच्या गुणांवर जे मिळू शकलं असतं तेही यंत्राने तिला विचारलं नाही.

असं का केलं असेल? माझा अंदाज असा की मुलीला सरळ मार्गाने बीडीएस मिळालं तर पॅकेज बुडतं. तिला बाहेर ठेवण्यातच त्याचा फायदा.

लॉगिन उघडायलाही घाम गाळावा लागला, कारण नोंदणी करताना मोबाइल नंबर सरांनी स्वतःचा टाकला होता. ओटीपी त्यांच्याकडे. वडील आणि मुलगी सकाळच्या बसने भोपाळला गेले, सोबत नीटचं प्रवेशपत्र, आधार, मूळ निवासी प्रमाणपत्र आणि मी लिहून दिलेला दीड पानी अर्ज. नंबर बदलून मिळाला. परतीच्या बसमधून मुलीचा मला मेसेज आला, "काका, पासवर्ड मी बदलला. बाबांनाही सांगितला नाहीये." या प्रकरणातलं सगळ्यात शहाणं वाक्य हेच होतं असं मला आजही वाटतं.

दुसऱ्या राउंडमध्ये तिने यादी स्वतः भरली. बीडीएस मिळालं, खाजगी कॉलेज, शासनाच्या अलॉटमेंटवर. तो निर्णय तिचा होता. पुन्हा वर्षभर तयारी करून नीट द्यावी असं आईला वाटत होतं. त्या वादात मी पडलो नाही.

सीट कॉलेजची नसते, हे इंदूरनेच शिकवलं

एका संध्याकाळी आत्या स्पीकरवर होत्या. मी म्हटलं, आत्या, आपला गोंधळ दोन ठिकाणी झाला. एक तर आपल्या मुलाचं इंजिनिअरिंग होतं, हे मेडिकल आहे. आणि दुसरं, आपण महाराष्ट्रात आहात. तिकडे खाजगी मेडिकल कॉलेजांत १५ टक्के जागा संस्थेच्या आणि एनआरआय कोट्याच्या धरल्या जातात, पण त्यासुद्धा सीईटी सेलच्या प्रक्रियेतून, नीटच्या क्रमाने भरायच्या. प्राचार्यांच्या केबिनमध्ये ठरत नाहीत. मध्य प्रदेशात तर 'मॅनेजमेंट कोटा' या नावाची वस्तूच नाही. एनआरआयच्या १५ टक्के जागा वेगळ्या धरल्या जातात, पण त्यांच्यासह सगळं शासनाच्या काउन्सेलिंगमध्ये. डीम्ड विद्यापीठांचं गणित आणखी वेगळं, त्यांच्या जागा दिल्लीच्या एमसीसीकडून, म्हणजे केंद्राच्या मेडिकल काउन्सेलिंग कमिटीकडून, भरल्या जातात.

"पण कॉलेज खाजगी ना? मग जागा त्यांची नाही?" आत्यांचा हा प्रश्न भाबडा नव्हता. सर्वोच्च न्यायालय त्याच प्रश्नावर दशकाहून जास्त काळ झुंजत होतं.

१९९३ मध्ये उन्नीकृष्णन निकालाने खाजगी कॉलेजांच्या निम्म्या जागा 'फ्री' आणि निम्म्या 'पेमेंट' अशी योजना आखून दिली. ३१ ऑक्टोबर २००२ ला टी. एम. ए. पै प्रकरणात अकरा न्यायमूर्तींनी ती योजना मोडीत काढली: विनाअनुदानित संस्था चालवणं हा व्यवसायाचा मूलभूत हक्क, प्रवेश आणि फी ठरवण्याची मोकळीक त्यात येते, मात्र नफेखोरी आणि कॅपिटेशन (प्रवेशापोटी देणगी) नको. मग पै निकालाचा अर्थ काय यावरच भांडण. २००३ च्या इस्लामिक अकॅडमी निकालाने निवृत्त न्यायमूर्तींच्या अध्यक्षतेखाली समित्या नेमायला सांगितल्या. १२ ऑगस्ट २००५ च्या इनामदार निकालात सात न्यायमूर्तींनी सांगितलं की शासन आपला कोटा विनाअनुदानित कॉलेजांवर लादू शकत नाही, पण प्रवेश पारदर्शक, गुणवत्तेवर आणि शोषणमुक्त हवा. एनआरआयसाठी कमाल १५ टक्क्यांची मुभाही याच निकालात दिली, एका अटीवर: त्या जागा खरोखरच्या अनिवासी भारतीयांनी, स्वतःच्या मुलांसाठी किंवा आपल्या पाल्यांसाठीच वापरायच्या. मस्कतच्या मामाकडे आपण परत येणारच आहोत.

यानंतरची गोष्ट आपल्या गावची आहे. मध्य प्रदेशने २००७ मध्ये खाजगी व्यावसायिक शिक्षण संस्थांच्या प्रवेशाचं नियमन आणि फी ठरवण्याचा कायदा केला. भोपाळला प्रवेश व शुल्क नियामक समिती आली. प्रवेश सामायिक परीक्षेतूनच, फी समिती ठरवील तीच, आणि या कायद्याविरुद्ध दिलेला प्रवेश रद्दबातल. खाजगी कॉलेजांनी आव्हान दिलं, आणि त्या खटल्यावर ज्याचं नाव कायमचं चिकटलं ते मॉडर्न डेंटल कॉलेज इंदूरचंच. २००९ मध्ये उच्च न्यायालयाने कायदा उचलून धरला. त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने अंतरिम तोडगा काढला: १५ टक्के एनआरआय वगळून उरलेल्या जागांपैकी निम्म्या शासनाच्या परीक्षेने, निम्म्या खाजगी कॉलेजांच्या संघटनेच्या परीक्षेने भरायच्या. या दुसऱ्या परीक्षेला लोक डीमॅट म्हणायचे. इंदूरमध्ये 'डीमॅट' म्हटल्यावर शेअर बाजार न आठवता मेडिकलची सीट आठवणारी एक अख्खी पिढी आहे.

डीमॅटवर काय काय आरोप झाले ते या शहराला नव्याने सांगायला नको. शासनाची बाजू तरी स्वच्छ होती का? जुलै २०१३ मध्ये पीएमटी या शासनाच्या मेडिकल प्रवेश परीक्षेला दुसऱ्याच्या नावाने बसायला आलेली पोरं इंदूरच्याच हॉटेलांतून पकडली गेली आणि ती परीक्षा घेणाऱ्या मंडळातल्या, व्यापमच्या, घोटाळ्याचं गाठोडं सुटलं. म्हणून 'शासनाच्या हातात दिलं की प्रश्न सुटला' असं मी कधीच म्हणत नाही. फरक इतकाच की शासनाच्या यादीत कुणाला किती गुण आणि कुणाला कुठे जागा हे उघड्यावर असतं. चोरी झाली तर पकडायला कागद सापडतो.

२ मे २०१६ ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने मॉडर्न डेंटलचा अंतिम निकाल दिला. कॉलेजांचा व्यवसायाचा हक्क मान्य, पण तो निर्बंध घालता न येण्याजोगा नाही. कोर्टाने विचारलं: निर्बंधाचा हेतू योग्य आहे का, त्या हेतूशी त्याचा संबंध आहे का, कमी जाचक उपाय होता का, आणि हक्काला बसणारी झळ लोकहिताच्या मानाने जास्त होते का? स्वतःची परीक्षा घेण्याची संधी खाजगी संघटनेला मिळाली होती, तिचं काय झालं हे सगळ्यांनी पाहिलं होतं. कायदा टिकला. फी ठरवताना संस्थेचं ठिकाण, सोयी, खर्च आणि वाढीसाठी वाजवी शिल्लक धरता येते, हेही टिकलं. म्हणजे कॉलेजने तोट्यात चालावं असं कोर्ट म्हणत नाही. त्याच उन्हाळ्यात नीट पुन्हा आली. परीक्षा एक झाली तरी काउन्सेलिंग आपणच करू, असा कॉलेजांचा एक शेवटचा प्रयत्न झाला. सप्टेंबर २०१६ मध्ये कोर्टाने तोही बंद करून मध्य प्रदेशातलं काउन्सेलिंग शासनाकडे दिलं. पुढे २०१९ च्या राष्ट्रीय वैद्यकीय आयोग कायद्याच्या कलम १४ मध्ये सामायिक काउन्सेलिंग देशभरासाठी आलं.

तेव्हा आत्या, इमारत त्यांची, खाटा त्यांच्या, प्राध्यापक त्यांचे. कुणाला कुठे बसवायचं हे ठरवणं तेवढं त्यांचं नाही. त्यामुळे असा कागद कुणी पुढे केला की पहिला प्रश्न 'किती' हा नसतो, 'अलॉटमेंट कुणी दिलं' हा असतो.

मामाने नकार दिला म्हणून वाचले

जुलैमध्ये कन्सल्टन्सीने मामाकडे पासपोर्टची प्रत आणि एक शपथपत्र मागितलं होतं. मजकूर तयार होता: ही मुलगी माझ्या पालकत्वाखाली आहे, तिच्या शिक्षणाचा सगळा खर्च मी करतो. मामा मस्कतला एका गोदामात सुपरवायझर. त्याने बहिणीला फोन करून सांगितलं, "ताई, पैसे लागले तर मी पाठवतो. पण तिचे बाबा ठणठणीत असताना मी पालक आहे असं कसं लिहून देऊ?" दोन महिने घरात अबोला. माझ्याकडे आले तेव्हाही वडील त्याच्यावर चिडलेलेच होते.

मी त्यांना २०२४ चं पंजाबचं प्रकरण सांगितलं. पंजाब सरकारने एनआरआय कोट्यात काका, मामा, आत्या, मावशी अशी नाती घालून व्याख्या रुंद केली. उच्च न्यायालयाने ती सप्टेंबर २०२४ मध्ये रद्द केली आणि त्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने सरकारचं अपील फेटाळताना हा सरळसरळ फसवणुकीचा प्रकार ठरवला. आपल्या शपथपत्राची गोष्ट तर त्याहून वाईट. तिथे निदान नातं खरं होतं आणि ते उघड लिहिलेलं होतं, इथे पालकत्वच खोटं लिहायचं होतं.

"पण एकदा ॲडमिशन झाली की कोण बघतं?" असं वडील म्हणाले तेव्हा मी त्यांच्यापुढे व्यापमचा निधी कैम निकाल ठेवला. १३ फेब्रुवारी २०१७. पीएमटीतल्या सामूहिक नकलेच्या प्रकरणात ६३४ विद्यार्थ्यांचे प्रवेश रद्द राहिले. हे प्रवेश २००८ ते २०१२ दरम्यानचे, काहींचं शिक्षण संपलेलं होतं. इतकी वर्षं शिकले आहेत तर समाजाच्या उपयोगी पडू द्या, ही विनंती कोर्टाने ऐकली नाही. वडील बराच वेळ फाइलच्या बटणाशी चाळा करत राहिले.

मग पैसे

नोटीस काढली. तीत भारतीय न्याय संहितेची फसवणूक आणि विश्वासघाताची कलमं होतीच, पण खरं काम दुसऱ्याच कलमाने केलं. तेव्हा लागू असलेल्या १९६१ च्या प्राप्तिकर कायद्याच्या कलम २६९एसटीनुसार एका व्यवहारात दोन लाख किंवा त्याहून जास्त रोख घेता येत नव्हती, आणि दंड घेणाऱ्याला होत असे. सरांनी १ लाख ९० हजार मागितले ते काही योगायोगाने नाही; त्याला मर्यादा पाठ होती. पण तोच व्यवहार तो दिवसभरात किती घरांशी करत असेल आणि ती रोख कुठल्या वहीत दाखवत असेल, हा प्रश्न नोटिशीत एका ओळीत विचारला. चौथ्या दिवशी स्कूटरवरून एक मुलगा येऊन मार्कशीट देऊन गेला. आठवडाभरात बँकेतून आलेले १ लाख १० हजार बँकेतूनच परत गेले. रोख रकमेबद्दल मात्र उत्तर आलं, "कौनसा कैश?"

पुरावा होता. व्हॉट्सॲपवर सरांचा मेसेज: "१.९ मिल गया." स्क्रीनशॉट, भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र, सगळं बसतं. एफआयआर करूया असं वडील उत्साहाने म्हणाले. मी पूर्ण चॅट मागितलं. त्या मेसेजच्या चार ओळी वर वडिलांचाच मेसेज होता: "एनआरआय के कागज़ कैसे भी बनवा लो, काम होना चाहिए."

हे प्रकरण मला लिहावंसं वाटलं ते या ओळीमुळे. तोवर आम्ही सगळे 'फसवले गेलेलं कुटुंब' ही भूमिका धरून चाललो होतो, आणि ती बरीचशी खरीही होती. पण करार कायद्याचं कलम २३ म्हणतं की बेकायदा हेतूचा करार शून्य. अशा करारापोटी दिलेले पैसे परत मागायला गेलं की कोर्ट आधी देणाऱ्याचे हात बघतं. दोघेही सारखेच दोषी असतील तर पैसे आहेत तिथेच राहतात. कलम ६५ खाली पैसे परत मिळू शकतात, पण त्यासाठी करार शून्य आहे हे आपल्याला नंतर कळलं, असं दाखवावं लागतं. 'कैसे भी' लिहिणाऱ्याला आधी काय माहीत होतं? माझी बाजू अशी राहिली असती की त्यांना प्रक्रियाच माहीत नव्हती, एनआरआय कोटा कायदेशीर आहे एवढंच ऐकलं होतं, आणि सराईत माणसाने त्यांच्या अज्ञानाचा फायदा घेतला. लढवता आलं असतं. पण सरांच्या पावतीचा मेसेज दाखल करायचा तर वरच्या चार ओळीही दाखल होणार. अर्धं चॅट कोर्टात चालत नाही.

"तो एक मेसेज डिलीट केला तर?"

मी म्हटलं, पुन्हा हे विचारलंत तर फाइल परत देईन. आणि त्याच्या फोनमधून कोण डिलीट करणार आहे?

मला त्यांचा राग आला नाही, हेही इथे लिहायला हवं. तीस वर्षं बँकेत एका पैशाचा घोळ न करणारा माणूस. मुलीच्या प्रवेशाचा विषय आला की या शहरातल्या कितीतरी सरळ माणसांच्या हातून असं एखादं वाक्य लिहिलं जातं. एरवी ते सिग्नलसुद्धा तोडत नाहीत. खाजगी म्हणजे विकत, ही समजूत डीमॅटच्या काळात पक्की झाली आणि डीमॅट गेलं तरी ती गेली नाही.

एफआयआर झाला नाही. त्या लेटरहेडबद्दल कॉलेजला पत्र पाठवलं. कन्सल्टन्सीशी आमचा संबंध नाही असं दोन ओळींचं उत्तर आलं. ते खरं असेलही. प्रिंटची प्रत जोडून नियामक समितीकडे तक्रार मी वेगळी पाठवली, कुटुंबाचं नाव न घालता. पैशांसाठी बोलणी करावी लागली. रोखीतले नव्वद हजार सप्टेंबरमध्ये दोन हप्त्यांत आले, तेही चेकने, 'कोचिंग रिफंड' असा शेरा मारून. एक लाख राहिले.

मुलगी आता पहिल्या वर्षाला आहे. फी समितीने ठरवलेली, वर्षाच्या वर्षाला, पावतीसह. मामाने दिवाळीत तिला ॲप्रन घ्यायला पैसे पाठवले आणि वडिलांनी ते मुकाट्याने घेतले. कन्सल्टन्सी त्याच मजल्यावर आहे, पाटीवरचं नाव मात्र बदललंय.

एक लाखासाठी दावा लावायची तीन वर्षांची मुदत २०२८ च्या उन्हाळ्यात संपते. वडील अधूनमधून फोन करून विचारतात की काय करावं. मी त्यांना चॅट पुन्हा एकदा वाचायला सांगतो. मग ते म्हणतात, बघू, अजून वेळ आहे.